तपास रेंगाळला असता न्यायालयाकडे नेमके काय मागावे?

प्रश्न: अक्कलकोट रोड एमआयडीसीत माझा टेरी टॉवेलचा कारखाना आहे. मार्च २०२४मध्ये परराज्यातील एका व्यापाऱ्याला उधारीवर दिलेल्या ११ लाख ४० हजार रुपयांच्या मालाचे पैसे बुडाले; त्याने दिलेला दुकानाचा पत्ताही खोटा निघाला. सप्टेंबर २०२४मध्ये फसवणुकीचा गुन्हा नोंद झाला, परंतु तिसरे तपासी अंमलदार आले तरी ‘तपास चालू आहे’ एवढेच उत्तर मिळते. न्यायालय पोलिसांना तपास पूर्ण करायला लावू शकते का? उच्च न्यायालयात जावे का? सोबत अर्जाचा मसुदा पाठवत आहे.
— एक वाचक, सोलापूर

उत्तर: न्यायालय पोलिसांना जाब विचारू शकते, आणि त्यासाठी तूर्त उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचकडे (फिरत्या खंडपीठाकडे) धाव घेण्याचे कारण नाही. तपासाचा आदेश देण्याच्या अधिकारातच तो तपास नीट होतो आहे की नाही हे पाहण्याचा अधिकारही येतो, असे सर्वोच्च न्यायालयाने साकिरी वसू प्रकरणात २००७ साली स्पष्ट केले असून, फिर्यादीने प्रथम न्यायदंडाधिकाऱ्यांकडेच जावे अशी उच्च न्यायालयांचीही सहसा अपेक्षा असते. हा अधिकार देणारे तेव्हाच्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम १५६(३) आज भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम १७५(३) आहे. नवे फौजदारी कायदे १ जुलै २०२४पासून लागू झाले; आपला व्यवहार त्यापूर्वीचा असल्याने गुन्ह्याला भारतीय दंड संहितेचे कलम ४२०च लागेल. फिर्याद मात्र त्यानंतरची असल्याने तपासाची कार्यपद्धती नव्या संहितेप्रमाणे चालेल. मसुद्यात या दोन्ही कायद्यांची कलमे एकमेकांत मिसळली आहेत, ती वेगळी करावीत.

खरी अडचण मसुद्याच्या शेवटच्या परिच्छेदात आहे. ‘आरोपीस तात्काळ अटक करून दोषारोपपत्र दाखल करण्याचा आदेश व्हावा’ ही मागणी न्यायालय मान्य करणार नाही, कारण दोषारोपपत्र पाठवायचे की नाही हे मत पोलिसांनी बनवायचे असते आणि ते विशिष्टच असावे असे न्यायदंडाधिकारी सांगू शकत नाहीत, हे अभिनंदन झा प्रकरणात १९६७ सालीच ठरले आहे. त्याऐवजी तपासाचा प्रगती अहवाल मागवावा, केस डायरी, म्हणजे पोलिसांची तपासाची दैनंदिनी, न्यायालयाने पाहावी (ती आपल्याला मिळणार नाही) आणि वाहतूकदाराचा जबाब, बिल्टी (मालवाहतुकीची पावती), ई-वे बिल व व्यापाऱ्याचे बँक खाते यांचा तपास झाला का, याचा खुलासा घ्यावा, अशी विनंती करावी. खोट्या पत्त्याचा मुद्दा ठळक मांडावा, कारण फसवणुकीचा हेतू सुरुवातीपासून होता हे त्यावरून दिसते; अन्यथा ‘हा दिवाणी वाद आहे’ म्हणून तपास बंद करणारा ‘क’ समरी अहवाल येण्याचा धोका असतो. तो आलाच, तर स्वीकारण्यापूर्वी न्यायालयाने आपल्याला नोटीस देऊन आपले म्हणणे ऐकले पाहिजे.

अर्जापूर्वी एक पायरी चुकवू नये. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १९३(३)नुसार तपासाची प्रगती ९० दिवसांत फिर्यादीला कळवणे पोलिसांवर बंधनकारक आहे. त्या तरतुदीचा उल्लेख करून पोलीस ठाण्यात आणि पोलीस आयुक्तालयात लेखी अर्ज द्यावेत, आवक शिक्क्याची पोच घ्यावी आणि ती शपथपत्रासह न्यायालयातील अर्जाला जोडावी. तोंडी खेटे कितीही घातले, तरी न्यायालयापुढे ते दाखवता येत नाहीत.

मालाच्या किमतीच्या वसुलीचा दिवाणी दावा तीन वर्षांत लावावा लागतो आणि फौजदारी तपास चालू आहे म्हणून ती मुदत थांबत नाही. उधारीची मुदत ठरलेली नसेल, तर माल पोचल्याच्या तारखेपासूनच ही तीन वर्षे मोजली जातात. म्हणून डिलिव्हरी चलनावरची तारीख आजच पाहून घ्यावी.