एवढ्या थंडीत किंग क्रॅब पकडायला का जातात?

प्रश्न: ताई, अलास्कातल्या खेकड्याच्या बोटीचा व्हिडिओ बघितला. एवढे जड पिंजरे वर ओढायचे आणि त्यातले कितीतरी खेकडे परत समुद्रात सोडायचे, असं का? आणि हे काम उन्हाळ्यात का नाही करत?

दोन्हीचं कारण एकच, खेकड्याचं कात टाकणं. कवच काही वाढत नाही, म्हणून मोठं व्हायचं तर किंग क्रॅबला जुनं कवच सोडून बाहेर यावं लागतं, आणि नुसतं वरचं नाही हो, पोटाच्या आतलं अस्तरसुद्धा निघतं! बाहेर आला की अंग एकदम मऊ असतं, मग तो पाणी शोषून फुगतो आणि नवीन कवच हळूहळू कडक होतं, तोवर आत मांस कमी नि पाणीच जास्त. मादी वसंतात, आधीच्या अंड्यांतून पिल्लं निघून गेल्यावर कात टाकते आणि त्या मऊ अवस्थेतच मीलन होतं, नर त्याआधी काही दिवस तिला नांग्यांनी धरून थांबलेला असतो. मग नवीन अंडी ती पोटाखाली जवळजवळ वर्षभर सांभाळते, आणि ती हजारोंनी असतात, मोठ्या मादीकडे लाखोंनी. या सगळ्यात कुणी हात घालू नये म्हणून अलास्काच्या ब्रिस्टल बेमधला, म्हणजे बेरिंग समुद्राच्या एका उपसागरातला, रेड किंग क्रॅबचा सीझन 15 ऑक्टोबरला उघडतो, तोवर कवच भरलेलं असतं. पण तोवर बेरिंग समुद्रात वादळं आणि थंडीही आलेली असते, त्याला इलाज नाही.

परत सोडतात त्या सगळ्या माद्या, आणि कवचाची रुंदी साडेसहा इंचापेक्षा कमी असलेले नर. तेवढं व्हायला नराला सात-आठ वर्षं तरी लागतात, म्हणजे आज घाईत मारलेला लहान नर किती वर्षांचं नुकसान ते बघा. पिंजरा लोखंडी, साधारण सात फूट लांब-रुंद, रिकामाच तीनशे किलोच्या वर, आत चिरलेल्या हेरिंग माशाचं आमिष. डेकवर उडालेलं पाणी रेलिंगवर, पिंजऱ्यांवर गोठत जातं, बोट वरून जड होते आणि उलटू शकते, म्हणून झोप सोडून लोक हातोडे घेऊन बर्फ फोडत बसतात. आणि अशा वाऱ्यात खेकडे भराभर निवडायचे, कारण जास्त वेळ डेकवर राहिले तर त्यांचेच पाय गोठतात. मला हे या कामातलं सगळ्यात मोलाचं वाटतं, परत सोडलेला खेकडा जगला तरच त्या नियमाला अर्थ, आणि ते दमलेल्या माणसाच्या हातात असतं.

प्रश्न: पण फक्त नरच पकडतात तर मग मध्ये दोन वर्षं सीझन बंद का होता?

कारण सीझन उघडायचा की नाही ते माद्यांवर ठरतं. अंडी घालण्याइतक्या मोठ्या माद्या 84 लाखांच्या खाली गेल्या तर बंद, मग नर कितीही असोत. 2021 आणि 2022 ला तेच झालं. 1980 ला ब्रिस्टल बेमधून जवळजवळ 13 कोटी पौंड खेकडे निघाले होते, आणि 1983 ला पूर्ण बंद! 2023 ला पुन्हा उघडला तेव्हा कोटा जेमतेम साडेएकवीस लाख पौंडांचा होता.

खलाशांना पगार नसतो, मालाच्या किमतीत वाटा असतो, म्हणजे सीझन नाही तर काहीच नाही. 2005 पर्यंत सगळ्या बोटींना मिळून एकच कोटा असायचा, जो आधी पकडेल त्याचा, त्यामुळे वादळ असलं तरी निघायचेच. मग कोटा वाटून दिला, घाई संपली, काम बरंच सुरक्षित झालं, पण अडीचशेच्या आसपास असलेल्या बोटी एका वर्षात शंभरच्या आत आल्या आणि कितीतरी खलाशांचं काम गेलं. जीव वाचले हे मोठंच, पण त्या लोकांचं पुढे काय हा प्रश्न तेव्हा जास्त जोरात विचारायला हवा होता असं मला मनापासून वाटतं.

प्रश्न: किंग क्रॅबला पाय कमी असतात का? मी मोजले तर नांग्या सोडून सहाच.

बरोबर मोजलेत! शेवटची एक जोडी बारीक असते आणि कवचाखाली दडलेली, तिने तो कल्ले साफ करतो आणि मादी अंडी साफ ठेवते. किंग क्रॅब शंखात राहणाऱ्या हर्मिट क्रॅबच्या कुळातला आहे, त्यामुळे मादीचं पोट अजूनही एका बाजूला वाकडं असतं, उलटी करून बघितली की लगेच दिसतं.