लंडनला सिनेमॅटोग्राफर म्हणून येण्याचा विचार करताना

पुण्यात दोन लघुपट आणि एक माहितीपट चित्रित केल्यानंतर एमएसाठी लंडनला यावे आणि पुढे इथेच छायालेखन करावे, हा आपला बेत व्यवहार्य आहे का, असे आपण विचारले आहे. केवळ शिक्षणासाठी यायचे असेल, तर मी घाई करणार नाही; ते भारतातही चांगले होते. 2019 साली कान महोत्सवात आंजेन्यू या कॅमेऱ्याची भिंगे बनवणाऱ्या कंपनीचा होतकरू छायालेखकांसाठीचा सन्मान मिळालेल्या मधुरा पालित कोलकात्याच्या सत्यजित राय चित्रपट संस्थेत शिकल्या आहेत. इथे काम करायचे असेल, तर मात्र गणित आधी व्हिसाचे मांडावे लागते.

विद्यार्थी व्हिसावर सत्र चालू असताना आठवड्याला 20 तासच काम करता येते, हे बहुतेकांना ठाऊक असते. त्यावर फ्रीलान्स काम मुळीच चालत नाही, हे पुष्कळांना इथे आल्यावर कळते, आणि कॅमेरा विभागातले बहुतेक काम फ्रीलान्सच असते. पदवीनंतरचा ग्रॅज्युएट व्हिसा ती मुभा देतो. 31 डिसेंबर 2026पर्यंत अर्ज करणाऱ्यांना तो 2 वर्षांचा मिळतो, त्यानंतर 18 महिन्यांचा. स्किल्ड वर्कर व्हिसाला परवानाधारक मालक लागत असल्यामुळे, दर काही आठवड्यांनी निर्माता बदलणाऱ्या आपल्यासारख्यांना तो क्वचितच उपयोगी पडतो. उरतो ग्लोबल टॅलेंट व्हिसा. त्यासाठी पुरस्कार, नामांकने असा भक्कम पुरावा हवा, म्हणून ग्रॅज्युएट व्हिसाच्या मोजक्या महिन्यांत आपण काय चित्रित करता यावर बरेच अवलंबून राहील.

ट्रेनी, क्लॅपर लोडर (क्लॅप देणारा साहाय्यक), फोकस पुलर (चित्रण चालू असताना भिंगाचा फोकस सांभाळणारा), ऑपरेटर ही इथल्या कॅमेरा विभागाची शिडी पोट भरायला चांगली आहे. परंतु फोकस ओढणे ही स्वतंत्र विद्या आहे आणि उत्तम फोकस पुलर अनेकदा आवडीने तिथेच राहतात. नवा दिग्दर्शक छायालेखक निवडतो तो त्याचे काम पाहून, त्याने कोणाच्या हाताखाली उमेदवारी केली हे पाहून नव्हे.

कलेच्या दृष्टीने सर्वांत मोठा बदल प्रकाशाचा आहे. डिसेंबरात भर दुपारीही सूर्य क्षितिजापासून जेमतेम 15 अंश वर असतो आणि दिवस आठ तासांहूनही लहान असतो. मुंबई-पुण्यात आपण डोक्यावरचे ऊन स्किमरने (चौकटीवर ताणलेल्या पातळ कापडाने) मऊ करायला आणि थर्माकोलने डोळ्यांखालच्या सावल्या भरायला शिकलो. इथे ढगाळ आकाश ते काम फुकटात करते, आणि चेहऱ्याला आकार यावा म्हणून एका बाजूला काळे कापड उभे करून सावली निर्माण करावी लागते. हे उमगेपर्यंत नवख्यांची शोरीळे (कामाचे नमुने) एकाच करड्या रंगाची, देखणी आणि विसरण्याजोगी होतात. (शाळाही ती खपवून घेतात, हे माझे वैयक्तिक मत.)

अर्जासोबत सुटी सुंदर दृश्ये जोडून पाठवू नका. दोन माणसे बोलत असलेला एखादा प्रसंग सलग पाठवा, शक्यतो आपल्या माहितीपटातला, कारण हाताशी असलेल्या उजेडात आपण कॅमेरा कुठे ठेवला आणि का, हे त्यातच स्वच्छ दिसते.