दार अर्धंच उघडतं तेव्हा

प्रिय मुली,

अनेक आशीर्वाद. तुझं पत्र दोनदा वाचलं. फिलाडेल्फियात पाहणीची प्रश्नावली घेऊन तीन आठवडे दारोदार फिरूनही लोक मोकळेपणी बोलत नाहीत म्हणतेस. एका आजींनी तर दाराची साखळीही न काढता विचारलं, "हे सगळं जाणून तुला काय करायचंय?" आणि तू 'माहिती देण्यास नकार' असा शेरा मारून पुढच्या घरी गेलीस. तो शेरा मला खटकला, म्हणून लगेच लिहायला बसलो.

याच शहरात 1896 साली डब्ल्यू. ई. बी. डू बॉइस हे कृष्णवर्णीय अमेरिकन समाजशास्त्रज्ञ असेच उंबरे झिजवत होते. वय 28, हार्वर्डची डॉक्टरेट, नुकतंच लग्न झालेलं. सातव्या वॉर्डातल्या कृष्णवर्णीयांची पाहणी करायला पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाने त्यांना बोलावलं, पण शिकवायला वर्ग दिला नाही. नवराबायको त्या वस्तीतच राहिले. सुमारे अडीच हजार घरांत ते स्वतः गेले. तरीही वस्तीने काही पायघड्या घातल्या नाहीत. आपल्याला कुणी विचित्र प्राण्यासारखं तपासावं हे लोकांना रुचलं नव्हतं, असं त्यांनीच पुढे लिहिलंय. त्यांच्याच रंगाच्या माणसाला दार सहज उघडलं नाही, तर तुला का उघडावं?

हे लोक गरीब का, याचं उत्तर शहरातल्या बड्या मंडळींनी आधीच ठरवून टाकलं होतं: दोष या लोकांतच आहे. डू बॉइस यांनी भाडं, मजुरी, आजार, शाळा सगळं मोजलं आणि 1899 च्या पुस्तकात दाखवलं की गुलामगिरीचा वारसा आणि बंद केलेली कामाची दारं यांचा हिशेब केल्याशिवाय गरिबी कळतच नाही. त्यातली एक हकीकत माझ्या मनातून जात नाही. त्याच विद्यापीठातून मेकॅनिकल इंजिनिअर झालेला एक तरुण. उत्तम गुण पाहून त्याला नोकरी मिळाली. काही तासांत कळलं की हा कृष्णवर्णीय आहे, आणि त्याला काढून टाकलं. पुढे तो युनिव्हर्सिटी क्लबात वेटर झाला. तिथे जेवायला कोण येत? त्याच्याबरोबर पदवी घेतलेले गोरे. हे 'भेदभाव झाला का? हो / नाही' या तुझ्या सातव्या प्रश्नात कुठे बसवशील?

स्वतःकडे सतत दुसऱ्याच्या नजरेतून पाहावं लागणं, ही त्यांची 'दुहेरी जाणीव'ची कल्पना 1897 मधली, म्हणजे याच पाहणीच्या काळातली. मला हा योगायोग वाटत नाही. पण त्यांचंही सगळंच डोळे मिटून घेऊ नकोस. पाहणीच्या नकाशावर घरं गटांप्रमाणे रंगवताना त्यांनी काही कुटुंबांना 'दुराचारी आणि गुन्हेगार' अशा रकान्यात टाकलं. तिथे त्यांच्यातला सुशिक्षित माणूस न्यायाधीश होऊन बसला, असं माझं स्पष्ट मत आहे.

'मी मराठी, माझा इथे काय संबंध?' असंही विचारलंस. 1946 मध्ये बाबासाहेबांनी डू बॉइस यांना पत्र लिहिलं होतं. अस्पृश्यांची आणि अमेरिकेतल्या निग्रोंची स्थिती इतकी सारखी आहे की निग्रोंच्या स्थितीचा अभ्यास आवश्यकच ठरतो, असं त्यांनी त्यात म्हटलं होतं. डू बॉइस यांनी उत्तरही पाठवलं.

तेव्हा तो शेरा खोड. आजींचा प्रश्न जसाच्या तसा वहीत उतरव, तारीख घाल. शनिवारी पुन्हा त्या घरी जा, प्रश्नावली पिशवीतच राहू दे, आणि त्यांनी विचारलेल्याचं उत्तर आधी तू दे. काय बोलणं झालं ते सविस्तर कळव.

तुझा,
सर