४९८अ, म्हणजे नवऱ्याने किंवा सासरच्यांनी केलेल्या छळाच्या कलमात, नवऱ्याला लगेच जामीन मिळतो का? आणि मिळाला तर केस खोटी ठरते का?

दुसऱ्याचं उत्तर आधी देते: नाही. जामीन म्हणजे निकाल नव्हे. हे मी २०१९ पासून आमच्या मामांना सांगतेय, आता तुम्हालाही.

माझ्या धाकट्या बहिणीला नवऱ्याने कुकरचं झाकण फेकून मारलं. कोपराजवळ चार टाके. रात्री साडेअकराला रिक्षा करून माहेरी आली. मी म्हटलं, आत्ताच सिव्हिलला चल, एमएलसी करू, म्हणजे जखमेची सरकारी नोंद होईल. मामा म्हणाले, "गावभर बोभाटा होईल, सकाळी बघू." (स्थळ त्यांनीच आणलं होतं.) टाके गल्लीतल्या डॉक्टरांनी घातले, कागद काही नाही. चौथ्या दिवशी तक्रार द्यायचं ठरलं, तेव्हा हेच मामा ठाण्यातल्या टेबलावर वाकून नावं सांगत होते: नवरा, सासू, सासरे, दीर, आणि लग्न होऊन सहा वर्षं नाशिकला नांदणारी नणंद. "सगळ्यांना खेचा, येतील लोटांगण घालत."

लोटांगण घालत कोणी आलं नाही, अटकपूर्व जामिनाचा अर्ज आला. पोलिसांनी तोवर अटक केलीच नव्हती. ४९८अ ला शिक्षा जास्तीत जास्त तीन वर्षं, आणि सात वर्षांपर्यंतच्या गुन्ह्यात सरसकट अटक करू नका, आधी नोटीस द्या, असं सुप्रीम कोर्टाने २०१४ च्या अर्नेश कुमार निकालात बजावलंय. कलम अजामीनपात्र असलं तरी जामीन मिळतच नाही असं नसतं. 'अजामीनपात्र' म्हणजे तो हक्काने ठाण्यात मिळत नाही, कोर्टाकडे मागावा लागतो, इतकंच.

पहिली तारीख पोलिसांचा 'से' (अर्जावरचं लेखी म्हणणं) आला नाही म्हणून गेली, अंतरिम जामीन मात्र मिळाला. दुसऱ्या तारखेला न्यायाधीश साहेबांनी सरकारी वकिलांना विचारलं, "नणंदेने नेमकं काय केलं? कधी?" वकिलांनी फिर्याद मागेपुढे चाळली. तिथे 'सर्वांनी मिळून वेळोवेळी शारीरिक व मानसिक छळ केला' एवढंच. मग, "जखमेचं सर्टिफिकेट?" तपासी अंमलदारांनी नुसती मान हलवली. माझी बहीण मागच्या बाकावर पूर्ण बाहीचा ड्रेस घालून बसलेली. दहा मिनिटांत सगळ्यांना जामीन.

संध्याकाळी मामा ओट्यावर बसून शेजाऱ्यांना सांगत होते, "कोर्टानेच सोडलं. आपल्याच पोरीचं काहीतरी असेल."

कोर्ट त्या वेळी बघतं ते असं: हा पळून जाईल का, साक्षीदारांवर दबाव आणेल का, कोठडीत घेऊन पोलिसांना काय मिळवायचंय, इजा किती गंभीर, आधीच्या तक्रारी आहेत का. खरं कोण बोलतंय हे तेव्हा ठरत नाही. म्हणून तुमच्याकडची बाई तक्रारदार असेल तर 'जामीन मिळू नये' यावर सगळा जोर लावू नका. वकिलामार्फत हस्तक्षेप अर्ज (जामिनाच्या सुनावणीत आमचंही ऐका, असा) देऊन अटी मागा: रविवारी ठाण्यात हजेरी, फोन-मेसेज बंद, तिच्या घराकडे फिरकायचं नाही. अट मोडली तर जामीन रद्द करून मागता येतो. आम्हाला या अटी मिळाल्या त्या आमच्या वकीलबाईंमुळे. मामांना त्यांची फी जड वाटत होती.

आणि २००५ च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्याखाली संरक्षण आदेश वेगळा घ्या. तो मुळात दिवाणी स्वरूपाचा, पण मोडला तर कलम ३१ लागतं, एक वर्षापर्यंत कैद, आणि तेही अजामीनपात्र. मामांचं म्हणणं, "एक केस पुरे की." नाही पुरत.

मी वकील नाही. १ जुलै २०२४ पासूनच्या गुन्ह्यांना आकडे बदललेत: ४९८अ च्या जागी भारतीय न्याय संहितेची ८५ आणि ८६, अटकपूर्व जामिनाला नव्या नागरिक सुरक्षा संहितेचं ४८२. हुंडाबळी किंवा खुनाचा प्रयत्न असेल तर वरचं काही लावू नका, तिथे जामीन सहज मिळत नाही. आणि तुम्ही नवऱ्याच्या बाजूने विचारत असाल तर नोटीस आली की ठाण्यात जा, लपू नका.

आमची केस अजून चालू आहे. दोषारोपपत्रात साक्षीदारांच्या यादीत मामांचं नाव चौथं आहे.