फ्रेंच सिनेमात प्रॉडक्शन डिझायनर व्हायचंय, आर्किटेक्चरची पदवी पुरेल का?

प्रश्न : मुलगी आर्किटेक्चरच्या शेवटच्या वर्षाला आहे. पॅरिसला जाऊन सिनेमाचे सेट करायचे म्हणते. थेट तिथल्या फिल्म स्कूलची परीक्षा द्यावी का? – एक पालक, कोल्हापूर

उत्तर : द्यावी, पण आधी फ्रेंच पक्कं करावं. पॅरिसच्या ‘ला फेमिस’ या फिल्म स्कूलमध्ये सेट-डिझाइनचा चार वर्षांचा वेगळा विभाग आहे. जागा मोजक्या, आणि प्रवेशपरीक्षा फ्रेंचमध्ये. दिलेल्या विषयाचा स्वतः शोध घेऊन एक फाइल करून द्यावी लागते. इंटरनेटवरचे फोटो चिकटवलेली फाइल तिथे लगेच ओळखू येते. वयाची अट आहे, ती त्या वर्षीच्या नियमावलीत आधी पाहा.

आता पोर्टफोलिओ. आर्किटेक्चरची मुलं हमखास इथेच अडकतात. प्लॅन, एलेव्हेशन (समोरून दिसणारं चित्र), सेक्शन (उभा छेद) सुबक असतात, पण कॅमेरा कुठे उभा आहे याचा पत्ता नसतो. मुलीला एकच खोली काढायला सांगा, 4 बाय 3 मीटरची, 1:50 प्रमाणात. सुपर 35 (सिनेमातला एक प्रचलित सेन्सर-आकार) कॅमेऱ्यावर 35 मिमीची लेन्स असेल तर 4 मीटर अंतरावर साधारण 2.8 मीटर रुंदी दिसते. 25 मिमीला जवळजवळ 4 मीटर. म्हणजे 3 मीटर रुंदीच्या खोलीत लेन्स बदलताच दोन्ही बाजूच्या भिंती फ्रेममध्ये येतात. शिवाय 4 मीटर मागे सरकायचं तर कॅमेऱ्याला पाठीमागची भिंत आडवी येते. मग कुठली भिंत निघती ठेवायची? हे उत्तर प्लॅनवर हवं. दुसरी खोड भिंतीच्या जाडीची. सेटची भिंत म्हणजे लाकडी चौकटीवर ठोकलेला पातळ प्लायवूड. दार-खिडकीशी खोटी जाडी दिली नाही तर पोकळपणा लगेच कॅमेऱ्यात दिसतो. मागून टेकू आणि वजन कमी पडलं, तर दार आपटताच अख्खी भिंत हलते.

फ्रेंच सिनेमात सेट-विभागाच्या प्रमुखाला ‘शेफ देकोरातर’ म्हणतात. पदवी मिळाली म्हणून कुणी त्या खुर्चीत बसत नाही. आधी इंटर्न, मग दुसरा सहाय्यक, मग पहिला. बुडापेस्टहून 1929 मध्ये पॅरिसला आलेले नामवंत सेट-डिझायनर अलेक्झांडर त्राउनरही चित्रकलेचं शिक्षण घेऊन सेट-डिझायनर लाझार मीरसोंच्या हाताखालीच शिकले. सहाय्यकाचं काम म्हणजे पटकथेतून जागांची यादी काढणं, मोजमापं घेणं, ड्रॉइंग करणं. इथे आर्किटेक्टचा हात खरंच उपयोगी पडतो.

पैशांचंही बोलू. काम चित्रपटागणिक असतं. मधल्या रिकाम्या काळात बेकारीभत्ता मिळतो, पण त्यासाठी 12 महिन्यांत 507 तास काम दाखवावं लागतं. विद्यार्थी व्हिसावर वर्षाला 964 तासच काम करता येतं, आणि शिक्षणानंतर कामाचा परवाना वेगळा.

तोवर पुण्याच्या एफटीआयआयमधल्या कलादिग्दर्शन अभ्यासक्रमाचा अर्जही भरून ठेवा. फ्रेंचची बी-2 पातळी (अडखळल्याशिवाय बोलता-लिहिता येण्याइतकी) गाठायला नोकरी सांभाळून दोनेक वर्षं सहज जातात. वर्ग याच महिन्यात सुरू होऊ देत.