मामावर गुन्हा, भाची मुलाखतीच्या दारात

प्रश्न : माझी मुलगी राज्यसेवेची मुख्य परीक्षा उत्तीर्ण झाली असून मुलाखतीची तयारी करते आहे. तिचा मामा कनिष्ठ अभियंता. रस्त्याच्या कामाच्या मोजमाप पुस्तकावर त्याची सही होती म्हणून ठेकेदाराबरोबर त्याच्यावरही गुन्हा दाखल झाला. सहा वर्षं नुसत्या तारखा पडताहेत, पदोन्नतीही अडकली. इकडे मुलीला एका सरकारी बँकेची नेमणूक आली आहे. घरातले सगळे म्हणतात, नको ती साहेबगिरी, बँकच बरी. काय करावं? — एक पालक, बार्शी

उत्तर : तुमची भीती खोटी आहे असं मी म्हणणार नाही. अधिकाऱ्याला ४८ तासांपेक्षा जास्त कोठडी झाली की तो निलंबित झाल्याचंच धरतात, हातात निर्वाह भत्ता येतो आणि पदोन्नतीचं नाव मोहोरबंद पाकिटात जातं. निर्दोष सुटल्यावर ते पाकीट उघडतं, पण मधली वर्षं परत मिळत नाहीत.

पण बँकेत गेलं की सुटका, हा हिशेब चुकीचा आहे. सरकारी बँकेचा अधिकारी भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्याखाली लोकसेवकच असतो. २०१६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने खासगी बँकेच्या वरिष्ठ अधिकाऱ्यांनाही त्या व्याख्येत घेतलं. कर्ज बुडालं की मंजुरीवर सही कोणाची होती, हे तिथेही शोधलं जातं. उलट एक कवच तिथे नसतं, ते असं. कर्तव्य बजावताना केलेल्या कामाबद्दल खटला चालवायचा तर आधी सरकारची मंजुरी लागते. हे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम १९७, आता नागरिक सुरक्षा संहितेचं २१८. मात्र ते फक्त ज्याला पदावरून काढायला सरकारचीच मंजुरी लागते त्यालाच लागू होतं. बँकेतल्यांना ते मिळत नाही, खालच्या पदावरच्या कर्मचाऱ्यालाही बहुधा नाही. मामाच्या बाबतीत काय, ते त्याच्या वकिलांना नक्की विचारा. राज्यसेवेतून वर्ग एकच्या पदावर गेलेली मुलगी साधारणपणे या कवचात येते. नव्या संहितेत सरकारने १२० दिवसांत निर्णय दिला नाही तर मंजुरी मिळाली असंच धरतात, म्हणजे फाइल दाबून वर्षानुवर्षं कोणाला वाचवताही येत नाही.

२०१८ मध्ये भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्यात आणखी एक बदल झाला. त्याआधी सार्वजनिक हित नसताना कोणाला आर्थिक फायदा मिळवून दिला, एवढ्यावरही अधिकारी दोषी ठरू शकायचा, स्वतः पैसा घेतला नसला तरी. कोळसा खाण वाटपात माजी कोळसा सचिव एच. सी. गुप्ता यांना २०१७ मध्ये दोन वर्षांची शिक्षा झाली तेव्हा प्रशासनातली बरीच मंडळी हादरली होती. ते कलम पुढच्या वर्षी गेलं आणि १७ अ आलं. घेतलेल्या निर्णयाबद्दल किंवा केलेल्या शिफारशीबद्दल चौकशी सुरू करण्याआधीच परवानगी घ्यावी, असं ते सांगतं. लाच घेताना रंगेहाथ सापडलेल्याला ते लागू नाही, आणि तेच योग्य. या कलमाला न्यायालयात आव्हानही दिलं गेलं आहे.

आणि गुन्हा रद्द करून घेणं? तो अधिकार उच्च न्यायालयाकडे, नव्या संहितेत कलम ५२८. सोलापूर जिल्ह्याला त्यासाठी आता मुंबई गाठायला नको, ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच (फिरतं खंडपीठ) सुरू झालं आहे. पण त्या टप्प्यावर न्यायालय पुरावे तोलत बसत नाही. तक्रार जशीच्या तशी खरी मानली तरी गुन्हा होतो का, मंजुरी होती का, तक्रार सूडापोटी केलेली आहे का, एवढंच पाहतं.

याचा पाया म्हणजे हरियाणाचे माजी मुख्यमंत्री भजनलाल यांचा खटला. गुन्हा केव्हा रद्द करता येतो याचे सात प्रकार त्यात सांगितले आहेत आणि वकील ते तोंडपाठ म्हणतात. मला त्या खटल्यातली वेगळीच गोष्ट लक्षात राहते. उच्च न्यायालयाने गुन्हा रद्द केला होता, तो सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा उभा केला. तपास मात्र रद्द केला. कारण पोलीस अधीक्षकाने निरीक्षकाला तपासाची परवानगी देताना इंग्रजीत एकच शब्द लिहिला होता, ‘इन्व्हेस्टिगेट’, म्हणजे तपास करा. का, कशावरून, काही नाही. एवढा मोठा खटला त्या एका शब्दावर अडला!

म्हणून मुलीबद्दल मी एकच गोष्ट पाहीन : तिला कारण लिहायची सवय आहे का? माझी एक जुनी विद्यार्थिनी आज नगरपरिषदेत मुख्याधिकारी आहे. एका उन्हाळ्यात वरून फोन आला, टँकर ताबडतोब लावा, निविदेचं मागाहून बघू. तिने टँकर लावले. त्याच दुपारी टिपणीवर लिहिलं : ‘आज सकाळी १०.२० वाजता दूरध्वनीवरून मिळालेल्या सूचनेनुसार. तीन प्रभागांत चार दिवस पाणी नाही. लेखी पुष्टी मिळावी.’ साहेब रागावले, पण त्यांची पुष्टी आली. दोन वर्षांनी तक्रार झाली तेव्हा चौकशीला आलेल्या माणसाने ते पान दोनदा वाचलं, झेरॉक्स मागितली, आणि अर्ज दप्तरी दाखल झाला. तिने काही हुशारी केली नव्हती. तोंडी आदेश लेखी करून घ्यावा हे महाराष्ट्राच्या वर्तणूक नियमांतच आहे. फक्त फार थोडे जण तसं मागतात, साहेबांना काय वाटेल म्हणून.

मुलगी अशी असेल तर तिला अडवू नका. सगळ्यांना होकार देणारी, वाद नको म्हणून सही करून टाकणारी असेल तर तिला बँकेतही तोच त्रास होणार आहे.

बँकेच्या रुजू होण्याची तारीख लांबवून मिळते का, ते आजच पत्र लिहून विचारा. मुलाखतीआधीच्या एखाद्या रविवारी तिला मामाकडे पाठवा. आरोपपत्र आणि मोजमाप पुस्तकाच्या प्रती घेऊन दोघांनी बसावं. रस्ता प्रत्यक्ष मोजला का, कोणाबरोबर, टेप कोणी धरली, काम कमी दिसलं तर तसं लिहिलं का, हे तिने मामाला विचारावं. मामा आधी चिडेल. तरी विचारू दे.