चौऱ्याऐंशी हजारांचं वीज बिल: एफडी मोडायची का?

सातारा जिल्ह्यातल्या एका ताईंचं पत्र आलंय. घराच्या पुढच्या खोलीत त्या गणवेश आणि ब्लाउज शिवतात, मशिनं तीन. मीटर घरगुती. भरारी पथक येऊन गेलं आणि ‘अनधिकृत वापर’ म्हणून 12 महिन्यांचं 84,600 रुपयांचं बिल हातात पडलं. दीर म्हणतात, सात दिवसांत भरून मोकळे व्हा. एक वकील 40,000 घेऊन दिवाणी दावा लावायला तयार आहेत. पैसे आहेत ते लेकीच्या कॉलेजच्या फीसाठी ठेवलेल्या दोन लाखांच्या एफडीत. मोडू का, असं त्या विचारतात.

ताई, आज मोडू नका. आणि गल्लीत कोणी ‘चोरी’ म्हणत असेल, तर ते मनातून काढून टाका. तुमच्या कागदावर वीज कायदा 2003 चं कलम 126 लिहिलंय. चोरीचं कलम 135, ते वेगळं. तिथे फौजदारी खटला असतो. इथे फक्त पैशांची आकारणी आहे.

हातात आहे तो तात्पुरता आदेश. त्यावर लेखी हरकत घेण्याचा आणि सुनावणीचा तुम्हाला हक्क आहे, आणि या टप्प्यावर एक रुपयाही आधी भरावा लागत नाही. अंतिम आदेश हा तात्पुरता आदेश मिळाल्यापासून 30 दिवसांत द्यायचा असतो. सात दिवसांत भरण्याची मुभा आहे ती आकारणी मान्य असणाऱ्यांसाठी. संमतीने झालेल्या अंतिम आदेशावर पुढे अपील चालत नाही. म्हणून दिरांचा सल्ला प्रेमाचा असला तरी महागात जाईल.

हरकतीत काय लिहायचं? राज्य वीज नियामक आयोगाच्या 2020 च्या दर आदेशात घरगुती वर्गवारीत एक ओळ आहे: राहत्या घराच्या काही भागात व्यवसाय असला, पण वापर महिन्याला 300 युनिटपर्यंत आणि मागच्या आर्थिक वर्षात 3,600 युनिटपर्यंत असेल, तर घरगुती दरच लागतो. तुम्ही पाठवलेल्या बिलांत सगळ्यात जास्त महिना 290 युनिटचा आहे आणि मागच्या वर्षाची बेरीज 3,150. तुमच्या काळाला लागू असलेल्या आदेशात हीच ओळ शोधा, त्या पानाची प्रत आणि मीटरचा सीपीएल, म्हणजे वीज कंपनीकडची तुमच्या वापराची आणि बिलांची नोंदवही, जोडा. ही ओळ लागू पडली तर आकारणीचा पायाच उरत नाही. माझ्या मते तुमची सगळ्यात भक्कम बाजू हीच आहे.

ती मानली गेली नाही, तर आकारणीच्या काळावर बोट ठेवा. अनधिकृत वापर जितका काळ झाला तितक्याचीच आकारणी करायची. काळ ठरवताच येत नसेल तरच मागचे 12 महिने धरायचे. तुमची मशिनं सात महिन्यांपूर्वी आली. मशिनांच्या पावत्या आणि उद्यम नोंदणीची तारीख दाखवा. आकडा 49,350 वर येतो. दर दुप्पट लावायचा हे कायद्यातच आहे, त्यावर वाद घालू नका. मात्र त्याच महिन्यांची तुम्ही भरलेली बिलं वजा केलीत का, हे लेखी विचारा.

वकिलांच्या दाव्याला मी स्पष्ट नाही म्हणेन. कलम 145 मुळे असा दावा दिवाणी न्यायालयात चालत नाही. ग्राहक मंचाचा रस्ताही सर्वोच्च न्यायालयाने 2013 मध्ये अनीस अहमद प्रकरणात बंद केला. तुमचा मार्ग एकच, अंतिम आदेशापासून 30 दिवसांत कलम 127 खाली अपील. महाराष्ट्रात ते विद्युत निरीक्षकाकडे जातं, आणि त्याआधी निम्मी रक्कम भरावी लागते.

एफडीचा प्रश्न येतो तो तेव्हा, आणि तोही 42,300 रुपयांपुरता. बँकेला विचारा, एफडीचा काही भाग मोडता येतो का, की तिच्यावरच कर्ज घेणं स्वस्त पडतं. फी जूनमध्ये असेल तर मी कर्जच घेईन. बिलाची उरलेली निम्मी रक्कम भरायला एफडीला हात लावू नका. अंतिम आदेशानंतर 30 दिवसांनी थकलेल्या पैशांवर वर्षाला 16 टक्के व्याज, तेही सहामाही चक्रवाढीने. अपील वर्षभर चालून हरलात, तर 42,300 वर साधारण 7,000 रुपये व्याज बसेल. तेवढ्या काळात सात टक्क्यांची एफडी तुम्हाला तीन हजारांच्या आसपास देईल. म्हणजे लढण्याची जोखीम चारेक हजारांची, वाचण्याची शक्यता कमीत कमी 35,000 ची. एवढ्या हिशोबावर मी लढेन. पण आदेश 49,000 च्या आसपास आला आणि 300 युनिटची बाजू कारण देऊन फेटाळली असेल, तर भरून टाका. तेव्हा 16 टक्क्यांचं देणं अंगावर ठेवून सात टक्क्यांची एफडी सांभाळण्यात अर्थ नाही.

अजून एक. गणवेशांच्या हंगामात महिना 300 च्या पुढे जाणार असेल, तर आत्ताच त्या खोलीसाठी व्यावसायिक मीटरचा अर्ज करा आणि वाढीव बिल शिलाईच्या दरात धरा.

हरकत दोन प्रतींत नेऊन एकीवर आवक शिक्का घ्या. सात दिवसांतले तीनच उरलेत म्हणून घाबरू नका, ते भरणाऱ्यांसाठीचे आहेत. पण नोटिशीत हरकतीची जी तारीख दिली असेल ती चुकवू नका. अंतिम आदेश आला की त्यावरची तारीख मला कळवा.